कामाचा पडदा आणि खेळाचा पडदा

सरकारी कचेरीत कागदाची फाइल उघडली, म्हणजे एका बाजूस टिप्पणी आणि दुसऱ्या बाजूस पत्रव्यवहार अशी तिची मांडणी असे. दोन्ही बाजू एकाच वेळी दृष्टीपुढे असल्याने अधिकाऱ्याला पाने उलटीत बसावे लागत नसे. पुढे संगणक आला, फाइल त्याच्या पोटात गेली, आणि दोन बाजूंना एक पडदा अपुरा पडू लागला. तेव्हा त्याच्या शेजारी दुसरा पडदा, म्हणजे दुसरा मॉनिटर, येऊन बसला. हिशेब तपासणारे, भाषांतर करणारे, नकाशे काढणारे अशा पुष्कळांची त्यामुळे खरीखुरी सोय झाली आहे. लखनौच्या नाका हिंडोला भागात संगणकाची पुष्कळ दुकाने आहेत. तेथे दुसरा पडदा घ्यावयास आलेला तरुणही वडिलांना त्याचा अभ्यासाला होणारा उपयोगच समजावून देत असतो. तो उपयोग खोटा नसतो. परंतु पडदा घरी आल्यावर थोड्याच दिवसांत त्याच्यावर खेळ मांडला जातो, आणि एकीकडे काम व दुसरीकडे मोटारींची शर्यत असा संसार सुरू होतो. या संसारात यंत्र काय करते आणि माणूस काय करतो, ते पाहण्याजोगे आहे.

दोन पडदे जोडले तरी संगणक एकच असतो. तो त्या दोन पडद्यांना एकाच लांबरुंद सतरंजीचे दोन भाग समजतो. माउसचा बाण पहिल्या पडद्याच्या कडेवरून पुढे सरकला की दुसऱ्यावर उमटतो, तो यामुळेच. ही सोय मॅकिंटॉश संगणकात १९८७ साली आली आणि विंडोजमध्ये १९९८ साली. दोन्ही पडद्यांवरील चित्रे काढण्याचे काम ग्राफिक्स कार्ड करते. मात्र दोहोंचे ओझे सारखे नसते. नेहमीच्या आकाराच्या पडद्यावर आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात, म्हणजे एकूण २० लाख ७३ हजार ६००. कामाच्या पडद्यावरील पत्र तासभर न हलता पडून असले, तर कार्डाला नव्याने फारसे काही करावे लागत नाही. खेळ मात्र सेकंदाला ६० चित्रे मागतो. प्रत्येक चित्रात रस्ता, झाडे, सावल्या, सारे नव्याने रंगवावयाचे. म्हणजे सेकंदाला १२ कोटी ४४ लाख ठिपक्यांचा हिशेब. खेळ सुरू होताच संगणकाचा पंखा घोंघावू लागतो, तो या श्रमामुळे.

एवढा पराक्रम करणारे हे यंत्र एका बाबतीत मात्र कमालीचे प्रामाणिक आहे. पडद्यावर दहा चौकटी उघड्या असोत, कळफलकावर दाबलेले अक्षर त्यांतल्या एकाच चौकटीला मिळते. तिला चालू विंडो म्हणतात. कामाच्या पडद्यावर बोट दाबले की खेळाकडे कळा जाणे थांबते, आणि खेळाकडे वळले की पत्रातील वाक्य अर्धवट राहते. कित्येक खेळ तर सबंध पडद्याचा ताबा मागतात. खेळणाऱ्याने बाहेर कोठे माउस दाबला की ते रुसल्यासारखे तत्काळ मिटून जातात. म्हणून अनेक खेळांत बिनकाठाच्या चौकटीची सोय ठेवलेली असते. तिच्यामुळे खेळ पडदा व्यापूनही मिटत नाही, आणि शेजारच्या पडद्यावर जाणेयेणे सुलभ होते. तरीसुद्धा चालू विंडो एका वेळी एकच असते. दोन चित्रे दाखविता येतात, पण हुकूम एकालाच देता येतो, हे यंत्राने मान्य केलेले आहे.

माणसाची घडणही याहून फारशी निराळी नाही. दृष्टिपटलाच्या मध्यभागी एक लहानशी खळगी असते, आणि तिच्यावर पडलेले चित्र तेवढे आपल्याला स्पष्ट दिसते. हात लांब करून अंगठा उभा धरला, तर त्याच्या नखाएवढी जागा म्हणजे आपली खरी तीक्ष्ण दृष्टी. बाकीचे सारे अंधुक असते. डोळा सेकंदाला तीनचार वेळा उड्या मारतो आणि मन त्या तुकड्यांचे एक अखंड चित्र जुळविते. अंधुक दिसणाऱ्या कडेला एक गुण मात्र आहे. हालचाल आणि लुकलुक तिला चटकन जाणवते. आता पत्र स्थिर आणि खेळ चंचल, असे दोन पडदे शेजारी ठेवले, तर डोळा कोणीकडे धाव घेईल? ही काही चारित्र्याची दुर्बलता नव्हे. डोळ्याच्या कडेने चाहूल घ्यावयाची, ही आपल्या देहाची फार जुनी सवय आहे.

मनाच्या येरझाऱ्यांचाही हिशेब मानसशास्त्रज्ञांनी मांडला आहे. आर्थर जेरसिल्ड यांनी १९२७ साली दोन प्रकारची कामे आलटूनपालटून करावयास लावून वेळ मोजला. एकच काम सलग करण्यापेक्षा अधिक वेळ लागला. पुढे १९९५ साली रॉजर्स आणि मॉन्सेल यांनी असे दाखविले की, बदल केव्हा होणार हे आधी ठाऊक असून आणि तयारीला अवधी मिळूनही हा दंड सगळा माफ होत नाही. सोफी लेरॉय यांचा २००९ सालचा अभ्यास मला अधिक मार्मिक वाटतो. एक काम अपुरे सोडून दुसऱ्याकडे वळल्यावर लक्षाचा काही अंश पहिल्या कामापाशी रेंगाळत राहतो, असे त्यांना आढळले. खेळ तर रचलेलाच असा असतो की तो नेहमी अपुरा राहावा. पुढची पायरी, पुढचे बक्षीस, पुढचा प्रतिस्पर्धी! तेव्हा पत्राकडे परतलेला डोळा पत्र वाचतो, आणि मन अजून शर्यतीच्या वळणावर असते.

कचेरीतील खेळ हा काही नवा प्रकार नव्हे. १९९० सालच्या विंडोजबरोबर पत्त्यांचा एकहाती डाव आला, आणि पत्ते ओढता ओढता अनेकांचा माउसवर हात बसला. त्याच्याही आधी, १९८० नंतरच्या दशकात, काही खेळांत साहेब आले की दाबावयाची एक खास कळ असे; ती दाबताच खेळ लपून पडद्यावर आकडेमोडीचा तक्ता येई. न्यूयॉर्कच्या महापौरांनी २००६ साली एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर पत्त्यांचा डाव पाहिला आणि त्याची नोकरी गेली. दुसऱ्या पडद्याने या लपंडावाची गरजच उरू दिली नाही. काम पहिल्या पडद्यावर उघडे असतेच!

लखनौला या गोष्टीचा वारसाही आहे. प्रेमचंदांची ‘शतरंज के खिलाड़ी’ ही कथा १९२४ साली प्रसिद्ध झाली, आणि १९७७ साली सत्यजित राय यांनी तिच्यावर चित्रपट काढला. कथेचा काळ १८५६ चा. त्या वर्षी फेब्रुवारीत इंग्रजांनी अवध खालसा केले. कथेतले मिर्झा आणि मीर हे दोघे जहागीरदार बुद्धिबळात बुडालेले असतात. बेगमेच्या कटकटीमुळे पट एका घरातून दुसऱ्या घरी जातो, आणि दरबारचे बोलावणे येण्याची धास्ती पडताच गोमतीपलीकडच्या एका पडक्या मशिदीत. लोक या कथेतून विलासाचा धडा घेतात, तो योग्यच आहे. मला मात्र त्या दोघांची पायपीट अर्थपूर्ण वाटते. खेळावयाचे तर घर सोडावे लागे, नदी ओलांडावी लागे. आपण कशाकडे पाठ फिरवीत आहोत, हे पायांना तरी कळत असे. आजच्या मिर्झाला मान थोडी वळवावी लागते, एवढेच.

याच शहरातील अगदी अलीकडचे उदाहरण विधानसभेचे आहे. सभागृहाच्या वर्तनाविषयी मत देणे माझ्यासारख्या नोकराचे काम नव्हे. घडले तेवढे सांगतो. मे २०२२ मध्ये उत्तर प्रदेश विधानसभेचे कामकाज ई-विधान पद्धतीने सुरू झाले आणि सदस्यांच्या बाकांवर टॅबलेट बसविण्यात आले. त्याच वर्षी सप्टेंबरात, एका सदस्याच्या हातातील मोबाइलवर पत्त्यांचा खेळ चालल्याचे चित्रण विरोधी पक्षाने प्रसृत केले आणि त्याचा पुष्कळ गवगवा झाला. म्हणजे येथेही पडदे दोनच होते: बाकावरचा कामाचा आणि हातातला. ऑगस्ट २०२३ मध्ये सभागृहाने १९५८ च्या नियमावलीच्या जागी नवी नियमावली स्वीकारली. तीत सभागृहात मोबाइल आणण्यास बंदी आहे. कामाचा पडदा राहिला, दुसरा दाराबाहेर गेला.

मग दुसऱ्या पडद्यावर खेळूच नये काय? असा फतवा काढण्याची माझी इच्छा नाही, कारण सगळे खेळ एका जातीचे नसतात. टपालाने बुद्धिबळ खेळणारे लोक पूर्वी पुष्कळ होते. १९५१ साली त्यांची आंतरराष्ट्रीय संघटनाही स्थापन झाली. एक चाल कार्डावर लिहून टाकावयाची आणि उत्तराची दिवस न् दिवस वाट पाहावयाची. तो डाव कपाटावर मांडलेला राही आणि कामाला कधी आड येत नसे. पाळीपाळीने चालणारे संगणकावरील खेळ याच जातीचे. ते आपल्या चालीसाठी स्वस्थ थांबतात. घड्याळाशी किंवा दूरच्या जिवंत प्रतिस्पर्ध्याशी चाललेला खेळ थांबत नाही, आणि तोच कामाशेजारी ठेवण्यास सर्वांत वाईट. तिसरी एक जात मोठी विचित्र आहे. २०१३ साली ‘कुकी क्लिकर’ नावाचा खेळ निघाला. त्यात आरंभी थोडे टिचकावले की पुढे खेळ आपला आपणच वाढत राहतो. तो जणू दुसऱ्या पडद्यासाठीच जन्मला आहे. तो वेळ फारसा घेत नाही, पण ‘किती झाले’ हे पाहण्यासाठी मान वारंवार वळते.

ज्यांना दोन्ही पडदे ठेवावयाचे आहेत, त्यांनी कामाचा पडदा नाकासमोर ठेवावा आणि दुसरा इतका बाजूला की, पाहावयाचे तर मान मुद्दाम वळवावी लागावी. काम चालू असता दुसऱ्याचे बटण दाबून तो काळा करावा. विंडोजच्या खुणेची कळ आणि ‘पी’ ही कळ एकदम दाबली असता फक्त पहिला पडदा चालू ठेवण्याचाही पर्याय मिळतो. मात्र हा मार्ग घेण्यापूर्वी खेळ बंद करावा. नाहीतर दुसरा पडदा विझताच खेळाची चौकट उठून पहिल्या पडद्यावर येऊन बसते.