स्वसंरक्षणाचा हक्क आणि जवळचे हत्यार

अंगावर चालून आलेल्या माणसाचा बळाने प्रतिकार करण्याचा हक्क भारतीय कायद्याने प्रत्येक व्यक्तीला दिला आहे. त्या प्रसंगाची तजवीज म्हणून हत्यार बाळगून रस्त्यावर वावरण्याचा हक्क मात्र त्याच कायद्याने कोणालाही सरसकट दिलेला नाही. या दोन गोष्टींमधील अंतर बहुतेकांच्या ध्यानात येत नाही, आणि त्यामुळे पर्समधील मिरपुडीच्या फवाऱ्यापासून गाडीच्या डिकीत ठेवलेल्या पोलादी दांडक्यापर्यंत कितीतरी वस्तू ‘स्वतःच्या बचावासाठीच तर आहेत’ या भरवशावर जवळ बाळगल्या जातात. हा भरवसा काही बाबतींत खरा आहे, काही बाबतींत धोकादायक आहे, तर काही बाबतींत खुद्द कायदाच स्पष्ट बोलत नाही.

प्रथम हक्काचे स्वरूप पाहणे इष्ट ठरेल. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३४ ते ४४ मध्ये खासगी संरक्षणाच्या हक्काची, म्हणजे स्वतःचे वा दुसऱ्याचे शरीर आणि मालमत्ता वाचवण्यासाठी बळ वापरण्याच्या मुभेची, मांडणी आहे. १ जुलै २०२४ पूर्वी लागू असलेल्या भारतीय दंड संहितेत हीच तरतूद कलम ९६ ते १०६ मध्ये होती. मृत्यूची किंवा जबर दुखापतीची रास्त भीती, बलात्कार, अपहरण, अ‍ॅसिड हल्ला अशा काही प्रसंगांत हल्लेखोराचा मृत्यू घडवण्यापर्यंत हा हक्क पोहोचतो, इतका तो व्यापक आहे. त्याला दोन मर्यादा आहेत. सरकारी यंत्रणेचे संरक्षण घेण्याइतका अवधी हाती असेल तर हा हक्क उरत नाही आणि बचावासाठी आवश्यक असेल त्याहून अधिक इजा करता येत नाही. जिवावर बेतलेल्या क्षणी माणसाने प्रत्येक वार मोजूनमापून करावा अशी अपेक्षा धरता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेक निकालांत सांगितले आहे आणि २०१० च्या दर्शन सिंग विरुद्ध पंजाब राज्य या निकालात या हक्काची तत्त्वे एकत्र मांडली आहेत. तथापि, या साऱ्या कलमांचा संबंध हल्ल्याच्या क्षणाशी आहे. हल्ला होण्यापूर्वी खिशात काय असावे याविषयी ती काहीही सांगत नाहीत. तो प्रश्न शस्त्रविषयक कायद्यांच्या कक्षेत येतो, आणि त्या कायद्यांचा इतिहास निराळा आहे.

१८५७ च्या उठावानंतर इंग्रज सरकारने भारतीयांना निःशस्त्र करण्याचे धोरण अवलंबले, आणि लॉर्ड लिटनच्या कारकिर्दीतील १८७८ च्या शस्त्र कायद्याने त्याला कायमचे रूप दिले. युरोपीय लोकांना सूट आणि भारतीयांना परवान्याची सक्ती हा त्यातील भेद जनतेच्या मनात सलत राहिला. १९३१ च्या कराची काँग्रेसने मूलभूत हक्कांचा जो ठराव केला, त्यात नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याचा हक्कही समाविष्ट होता. हाच धागा पकडून डिसेंबर १९४८ मध्ये हरि विष्णू कामत यांनी संविधान सभेत शस्त्र बाळगण्याचा हक्क मूलभूत हक्कांत घालावा अशी दुरुस्ती सुचवली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तिला विरोध केला. कराचीच्या ठरावामागील परिस्थिती आता बदलली आहे, कोणीही बाजारात जाऊन हवे ते हत्यार विकत घेऊ लागला तर राज्यकारभार चालवणे अशक्य होईल आणि आग्रह धरायचाच असेल तर तो शस्त्र धारण करण्याच्या कर्तव्याचा धरावा, असे त्यांचे म्हणणे होते. दुरुस्ती फेटाळली गेली. संविधानाच्या अनुच्छेद १९ मध्ये एकत्र जमण्याचे स्वातंत्र्यदेखील ‘शांततेने व विनाशस्त्र’ या अटीवर दिलेले आहे. अमेरिकेत शस्त्राचा हक्क संविधानात असल्याने तेथील वाद त्या हक्काच्या मर्यादांविषयी असतो. भारतात शस्त्र ही राज्यसंस्थेने कारण पटल्यावर द्यावयाची परवानगी आहे. संविधान सभेचा हा निर्णय योग्यच होता, कारण गर्दीच्या देशात प्रत्येकाच्या कमरेला हत्यार असण्याने दुर्बळाचे संरक्षण होण्याऐवजी बलवानाची दहशत वाढण्याचीच शक्यता अधिक होती.

स्वतंत्र भारताचा शस्त्र अधिनियम १९५९ साली संमत झाला आणि १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. हल्ल्यासाठी किंवा बचावासाठी हत्यार म्हणून बनवलेली वा तशी घडवून घेतलेली कोणतीही वस्तू म्हणजे ‘शस्त्र’, अशी त्याची व्याख्या आहे. या व्याख्येत बचावाचाही उल्लेख असल्यामुळे ‘हे हल्ल्यासाठी नाही, बचावासाठी आहे’ हा युक्तिवाद येथे निरुपयोगी ठरतो. केवळ घरगुती किंवा शेतीच्या वापरासाठी असलेल्या वस्तू, उदाहरणार्थ लाठी किंवा चालताना वापरायची साधी काठी, व्याख्येतून वगळल्या आहेत. शस्त्र नियम, २०१६ मधील पाचव्या वर्गात अग्निशस्त्रांखेरीजची शस्त्रे येतात. त्यांत तलवार, गुप्ती, खंजीर, भाला यांच्यासह नऊ इंचांहून लांब किंवा दोन इंचांहून रुंद पात्याचे चाकू आहेत आणि पोलादी दांडकेही आहे. स्वसंरक्षणाचे साधन म्हणून सर्रास विकले जाणारे, झटका देताच लांब होणारे दांडके विकत घेणाऱ्यांपैकी फार थोड्यांना या यादीची कल्पना असते.

या पाचव्या वर्गातील शस्त्रांसाठी सर्वत्र परवाना लागतोच असे नाही. अधिनियमाच्या कलम ४ नुसार केंद्र सरकार ज्या प्रदेशासाठी अधिसूचना काढते, तेथे त्या अधिसूचनेत नमूद केलेल्या प्रकारचे शस्त्र परवान्याशिवाय घेता, बाळगता किंवा नेता येत नाही. परिणामी मापेही बदलतात: दिल्लीतील अधिसूचनेत बटन दाबून उघडणाऱ्या आणि तत्सम चाकूंसाठी ७.६२ सेंटिमीटर लांबी आणि १.७२ सेंटिमीटर रुंदी ही मर्यादा आहे, म्हणजे नऊ इंचांच्या तुलनेत कितीतरी कमी. जानेवारी २०१३ मध्ये, दिल्लीतील सामूहिक बलात्काराच्या घटनेनंतर, मुंबईत एका राजकीय पक्षाने महिलांना लहान चाकू वाटले, तेव्हा सहा इंचांहून लहान पाते असल्यास गुन्हा होत नाही असे सांगितले गेले. असे एकच सुरक्षित माप देशभर लागू आहे हा समज चुकीचा आहे, आणि महाराष्ट्रात तर तो आणखी एका कायद्यामुळे फोल ठरतो.

तो कायदा म्हणजे महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१. याच्या कलम ३७(१) नुसार शहरात पोलीस आयुक्त आणि जिल्ह्यात जिल्हा दंडाधिकारी सार्वजनिक शांततेसाठी ठरावीक काळापुरता मनाई आदेश काढू शकतात. मग त्या काळात शस्त्रे, सोटे, तलवारी, भाले, दंडुके, बंदुका, सुरे, काठ्या किंवा शारीरिक इजा करण्यासाठी वापरता येईल अशी कोणतीही वस्तू घेऊन फिरणे गुन्हा ठरते. दाहक पदार्थ आणि स्फोटके नेणे, दगड जमा करणे हेही त्यात येते. सण, निवडणुका, मोर्चे, आंदोलने यांच्या निमित्ताने असे आदेश इतक्या वारंवार निघतात की अनेक जिल्ह्यांत एकाची मुदत संपते न संपते तोच दुसरा लागू होतो, आणि वृत्तपत्राच्या आतल्या पानावरील चार ओळींपलीकडे सामान्य माणसाला त्याचा पत्ता नसतो. कर्तव्यावरील सरकारी कर्मचारी आणि शारीरिक दुर्बलतेमुळे काठीची गरज असलेल्या व्यक्ती यांना या आदेशांतून सहसा वगळलेले असते. आदेश मोडल्यास कलम १३५ खाली एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते, आणि विशेष कारण नोंदवल्याखेरीज ती चार महिन्यांहून कमी असू नये असे कायदा सांगतो.

शस्त्र अधिनियम वस्तू कशासाठी बनवली आहे हे पाहतो, तर कलम ३७ ती कशासाठी वापरता येईल हे पाहते, हा दोहोंतील फरक नीट लक्षात घेतला पाहिजे. कोयता हे ऊसतोडणीचे अवजार आहे आणि शेतकऱ्याच्या हातात ते शस्त्र ठरत नाही. पुण्यात २०२२-२३ च्या सुमारास ‘कोयता गँग’च्या बातम्यांनी शहर हादरले, तेव्हा मनाई आदेशाच्या काळात तोच कोयता शर्टामागे लपवून फिरणारा मात्र कलम ३७ आणि १३५ खाली गुन्हेगार ठरत होता. वाढदिवसाचा केक तलवारीने कापून त्याची चित्रफीत पसरवणाऱ्या तरुणांवर राज्यभर जे गुन्हे नोंदवले जातात, तेही प्रायः शस्त्र अधिनियमाचे कलम ४ व २५ आणि पोलीस अधिनियमाचे हेच कलम यांच्या आधारे. तलवार घराण्याची आहे, आजोबांच्या काळापासून दसऱ्याला पुजली जाते, हे सांगून भागत नाही.

धर्म आणि परंपरा यांसाठी काही अपवाद कायद्याने जाणीवपूर्वक ठेवले आहेत. अनुच्छेद २५ च्या स्पष्टीकरणात कृपाण धारण करणे हा शीख धर्माचरणाचा भाग मानला आहे. देशांतर्गत विमानप्रवासात मात्र तिचे पाते सहा इंचांपर्यंत आणि एकूण लांबी नऊ इंचांपर्यंतच असावी लागते. कर्नाटकातील कोडगूच्या कोडवा समाजाला काही अग्निशस्त्रांसाठी परवान्यातून जुनी सूट आहे.

पिस्तूल वा रिव्हॉल्व्हर यांच्याबाबत संदिग्धता नाही. परवाना अनिवार्य आहे, अर्जदाराचे वय किमान २१ असावे लागते, पोलीस अहवाल, वैद्यकीय प्रमाणपत्र आणि शस्त्र हाताळण्याचे प्रशिक्षण यांतून त्याला जावे लागते, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर एका व्यक्तीला तीनऐवजी दोनच अग्निशस्त्रे बाळगता येतात. परवाना मिळाल्यावरही ते मिरवता येत नाही: सार्वजनिक ठिकाणी ते म्यानात किंवा पिशवीत, पूर्ण झाकलेले आणि धारकाच्या ताब्यात असले पाहिजे. आनंदाच्या भरात बेपर्वाईने गोळीबार करून इतरांचा जीव धोक्यात घालणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. निवडणुकीच्या काळात परवान्याची शस्त्रे पोलिसांकडे जमा करावी लागू शकतात. २०१४ मध्ये कानपूरच्या सरकारी कारखान्याने महिलांसाठी म्हणून ‘निर्भीक’ नावाचे सुमारे ५०० ग्रॅम वजनाचे रिव्हॉल्व्हर बाजारात आणले, त्याची किंमत सव्वा लाखाच्या आसपास होती. रात्रपाळी संपवून लोकलने घरी जाणाऱ्या कामगार स्त्रीला अशा शस्त्राचा आणि त्याच्या परवान्याचा उपयोग किती, याचे उत्तर सांगण्याची गरज नाही.

अशा स्त्रीच्या आवाक्यात येतो तो मिरपुडीचा फवारा. तो विकत घेण्यास किंवा जवळ ठेवण्यास परवाना लागत नाही आणि डोळ्यांची तात्पुरती आग करून पळण्यास अवधी मिळवून देणे हाच त्याचा उद्देश असतो. परंतु त्याचा दर्जा कायद्याने स्वतंत्रपणे ठरवलेला नाही. २०२४ मध्ये एका मालमत्तेच्या वादातून झालेल्या झटापटीत फवारा मारणाऱ्यांनी स्वसंरक्षणाचा दावा केला, तेव्हा कर्नाटक उच्च न्यायालयाने त्यांच्यावरील गुन्हा रद्द करण्यास नकार दिला. फवारा हे धोकादायक हत्यार ठरू शकते असे म्हणताना न्यायालयाला अमेरिकी निर्णयाचा आधार घ्यावा लागला, कारण येथील कायदा त्याविषयी मौन बाळगतो. शिवाय कलम ३७ मधील ‘इजा करण्यासाठी वापरता येईल अशी कोणतीही वस्तू’ हे शब्द इतके रुंद आहेत की मनाई आदेशाच्या काळात हा फवारा त्यांत ओढणे अशक्य नाही. विमानाच्या प्रवासी कक्षात तो नेता येत नाही. शिक्षणासाठी ब्रिटनला निघालेल्या मुलीच्या सामानात आईवडिलांनी तो काळजीपोटी ठेवला, तर तेथे तो प्रतिबंधित शस्त्र मानला जात असल्याने तिच्यावरच गुन्हा नोंदला जाऊ शकतो.

प्रत्यक्ष वापराची वेळ आलीच, तर आपण बचावात होतो हे दाखवण्याचा भार आरोपीवर येतो. सरकार पक्षाइतका कडक पुरावा त्याला द्यावा लागत नाही, आपले म्हणणे अधिक संभवनीय आहे एवढे दाखवणे पुरते. परंतु त्यासाठी घटनेनंतर लगेच ११२ वर कळवणे, स्वतःच्या जखमांची वैद्यकीय नोंद करून घेणे आणि घटनास्थळ सोडण्यापूर्वी साक्षीदार लक्षात ठेवणे या गोष्टी मोलाच्या ठरतात. हल्लेखोर पळू लागल्यानंतर त्याच्यावर केलेला वार संरक्षणात मोडत नाही.

नागरिकाला हत्याराचा हक्क नाकारणारे राज्य त्याच्या सुरक्षिततेची जबाबदारी स्वतःकडे घेते, आणि ती पार पाडण्याचा एक भाग म्हणजे काय चालेल व काय चालणार नाही हे त्याला त्याच्या भाषेत सांगणे. मिरपुडीच्या फवाऱ्याचे घटक व प्रमाण यांविषयी केंद्राने नियम करावेत. राज्याच्या गृह विभागाने कलम ३७ च्या आदेशांतून अशा निरुपद्रवी साधनांना नाव घेऊन वगळावे आणि प्रत्येक आदेश मराठीत, त्याच्या मुदतीसह, बसस्थानके, रेल्वे स्थानके व महाविद्यालये येथे लावावा. त्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही. शस्त्र अधिनियमाने नियम करण्याचा अधिकार केंद्राला आणि पोलीस अधिनियमाने आदेशाचा मजकूर ठरवण्याचा अधिकार आयुक्त व जिल्हा दंडाधिकाऱ्यांना आधीच दिलेला आहे.