कासवाला रोज कोळंबीच? थांबा जरा!

कानाजवळ लाल पट्टा असलेलं छोटं कासव टाकीत पाळलंय? मग डब्यातली सुकी कोळंबी टाकली की झालं, असं समजू नका. ‘अ’ जीवनसत्त्व कमी पडलं की त्याचे डोळे सुजतात. कॅल्शियम आणि ऊन कमी पडलं की कवच मऊ होतं.

हे रेड-इअर्ड स्लायडर पिल्लू असताना जास्त मांसाहारी असतं, मोठेपणी पाला जास्त मागतं. म्हणून कासवाचे पेलेट्स, जास्वंदीची पानं, किसलेलं गाजर आलटूनपालटून द्या. रोज पालक नको, त्यातलं ऑक्झलेट कॅल्शियम अडवतं. ब्रेड, दूध तर नकोच. ऊन थेट हवं, काचेतून आलेलं उपयोगाचं नाही. शेजारी सावलीही ठेवा.

कंटाळा आला म्हणून तलावात सोडू नका; देशी कासवांचा घास ते पळवतं. नीट सांभाळलं तर २०-३० वर्षं जगतं. तुमची तेवढी तयारी आहे ना?