काऊन चालून नाही राहिलं बे?

एप्रिल संपत आलाय, बाहेर नागपूरचं ऊन आणि आत लॅबमध्ये तुमच्या फायनल इयर प्रोजेक्टचा डेमो. समोर एक्स्टर्नल बसलेत. घरी दहादा चाललेला कोड इथल्या पीसीवर लाल अक्षरांत एरर फेकतोय. मागून पार्टनर कुजबुजतो, ‘काऊन चालून नाही राहिलं बे?’ कोडला तर कोणी हातही लावला नव्हता!

कोड तोच आहे, त्याखालची जमीन सरकलीय. घरांच्या किमती सांगणारा तो प्रोजेक्ट आठवतो? पेनड्राइव्हवर सीनिअरकडून ज्युनिअरकडे येणारा? त्यातला बोस्टनचा डेटा थेट ‘सायकिट-लर्न’मधून मिळायचा. डिसेंबर २०२२ मध्ये १.२ आवृत्ती आली आणि तो डेटा काढून टाकला गेला. वस्तीतल्या कृष्णवर्णीयांच्या प्रमाणावरून बनवलेला एक रकाना त्यात होता. निर्णय योग्यच, पण सीनिअरचा कोड आडवा झाला. त्याच महिन्यात ‘नमपाय’ १.२४ नेही काही जुनी नावं हटवली.

सावजी रस्स्याच्या कृतीत नुसतं ‘दोन चमचे तिखट’ लिहिलं तर? भिवापुरी मिरची की दुसरी कुठली, तिथेच सगळा खेळ. आवृत्ती न सांगता ‘पिप इन्स्टॉल’ मारणं हे तसंच. त्या दिवशी बाजारात जे नवं असेल ते येतं.

म्हणून प्रत्येक प्रोजेक्टला वेगळं व्हर्च्युअल एन्व्हायर्नमेंट करा. ज्या दिवशी सगळं नीट चाललं, त्याच दिवशी ‘पिप फ्रीझ’ची यादी फाइलमध्ये साठवा. नंतर नाही, कारण नंतर कोणी करत नाही (अनुभव आहे). तुम्ही न मागितलेली, पण पॅकेजांनी सोबत आणलेली पॅकेजंही त्यात येतात.

पण पायथॉनची स्वतःची आवृत्ती त्या यादीत नसते, आणि इथेच बरेच जण अडकतात. ऑक्टोबर २०२३ मध्ये आलेल्या पायथॉन ३.१२ वर ‘नमपाय’ १.२१ टाकून बघा. तयार फाइल मिळत नाही, मग ते तुमच्याच मशीनवर बांधायला घेतं आणि मध्येच मान टाकतं. तेव्हा पायथॉनचा आकडाही रीडमीमध्ये लिहा, डेटाची फाइल सोबत ठेवा आणि रँडम सीड ठरवून टाका, नाहीतर अ‍ॅक्युरसी दरवेळी वेगळी येईल.

लोक वापरत असलेली वेबसाइट मात्र अशी गोठवून विसरू नका, जुन्या आवृत्त्यांत सुरक्षेची भोकं राहतात. तिथे यादी अधूनमधून बदलायची, आणि बदलली की तपासायची.

डेमोच्या आठवडाभर आधी फोल्डर मित्राच्या लॅपटॉपवर टाका आणि रीडमी वाचून त्यालाच चालवू द्या. तुम्ही कीबोर्डला हात लावायचा नाही.