चिचुंद्री उंदीर नव्हे

डोंबिवली-कल्याणात तळमजल्यावर राहणाऱ्यांना चिचुंद्रीची ओळख करून द्यावी लागत नाही. निजानीज झाली की मोरीच्या जाळीतून आधी एक लांबुडकं, सारखं हलणारं नाक आत येतं, मागून करडं मऊ अंग, आणि भिंतीच्या कडेकडेने चीं चीं करत ती कपाटामागे पळते. घरात एकच ओरडा होतो, ‘उंदीर!’ आणि केरसुणी बाहेर निघते.

ती उंदीर नाही. तिचं आणि उंदराचं नातं इतकं लांबचं आहे की ऐकून चक्रावायला होतं. सस्तन प्राण्यांच्या वंशवृक्षात उंदीर, खारी, ससे, माकडं आणि माणूस एका मोठ्या फांदीवर येतात. चिचुंद्री दुसऱ्याच फांदीवर आहे, जिथे वटवाघळं, मांजरं, गाईम्हशी आणि समुद्रातले देवमासे आहेत. म्हणजे उंदराला चिचुंद्रीपेक्षा आपण जवळचे! जनुकांच्या अभ्यासातून ही मांडणी गेल्या पंचवीसेक वर्षांत पक्की झाली.

दात पाहिले तरी फरक कळतो. उंदराचे पुढचे दात जन्मभर वाढतात, म्हणून त्याला कुरतडल्यावाचून गत्यंतर नसतं. चिचुंद्रीचे दात बारीक आणि टोकदार, किड्यांची कवचं फोडण्याजोगे. वायरी आणि वह्या कुरतडणं तिचं काम नव्हे. झुरळं, नाकतोडे, गांडुळं हे तिचं खरं जेवण. उघड्यावर राहिलेलं अन्नही ती खाते. दृष्टी अधू असल्याने सगळी भिस्त नाकावर, कानांवर आणि मिशांवर. अंगाच्या दोन्ही बाजूंना ग्रंथी असतात, त्यांतून तो उग्र दर्प येतो. मांजर तिला पकडतं, पण बहुधा खात नाही.

मला तिचं सर्वांत मोठं नवल वाटतं ते पिल्लं नेण्याच्या रीतीचं. तुलनेसाठी पाहा: ऑस्ट्रेलियात पिग्मी पॉसम नावाचे निशाचर प्राणी राहतात. त्यांतला सर्वांत छोटा जेमतेम सात-आठ ग्रॅमचा. त्याच्या मादीच्या पोटाला पिशवी असते, इवली पिल्लं तीत बसून दूध पितात आणि आईबरोबर फिरतात. चिचुंद्रीला पिशवी नाही. बिळाला धोका वाटला की पहिलं पिल्लू आईच्या शेपटीच्या बुडाजवळचे केस दातांत धरतं, दुसरं पहिल्याचे, तिसरं दुसऱ्याचे, आणि डबे जोडलेल्या लोकलसारखी ही माळ आईमागे निघते. आई वळली की सगळी वळतात, थांबली की थांबतात. पकड इतकी घट्ट, की या कुळातल्या आईला उचललं तर अख्खी माळ तिच्याबरोबर वर येते. अंधारात, वर्दळीच्या जागी, नीट दिसत नसताना एकही पिल्लू मागे राहू नये यासाठी केवढी साधी आणि केवढी चोख सोय!

पॉसमचीच आणखी एक हकीकत सांगायला हवी. त्यांतली डोंगरी जात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस फक्त जीवाश्मांवरून माहीत झाली. ती केव्हाच संपली असं सगळे धरून चालले होते. 1966 साली माउंट हॉथमवरच्या एका स्की-क्लबच्या घरात ती जिवंत सापडली, आणि जगभरच्या प्राणिशास्त्रज्ञांना आनंद झाला. आपल्याकडे घरात आलेल्या प्राण्याच्या वाट्याला तेवढं कुतूहल क्वचितच येतं.

तसा चिचुंद्रीचा प्रवासही थोडाथोडका नाही. पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक दर्यावर्दी ग्रंथात कल्याणचं नाव ‘कॅलिएना’ असं येतं, इतकी या बंदराची ये-जा जुनी. हिंदी महासागरात माणसाची जहाजं फिरू लागली तशी चिचुंद्रीही मालाबरोबर फिरली. अरबस्तान, पूर्व आफ्रिका, मादागास्कर, मॉरिशस असं करत 1953 मध्ये ती पॅसिफिकमधल्या ग्वाम बेटावरही पोचली.

आणि जहाजांतून जग पाहिलेला हा प्राणी मागेपुढे डोलवला की ओकतो! उंदराला ओकताच येत नाही, त्याच्या शरीराची घडणच तशी नाही. त्यामुळे मळमळीवरच्या औषधांची परीक्षा उंदरांवर घेऊन भागत नव्हतं. 1980 च्या दशकात जपानी संशोधकांनी चिचुंद्री निवडली. कर्करोगाच्या केमोथेरपीने होणारी उलटी आणि ती थांबवणारी औषधं यांचा अभ्यास तिच्यावर झाला. तेव्हापासून उलटीच्या संशोधनात तिचं नाव वारंवार येतं.

पण म्हणून तिला कुरवाळायला जाऊ नये. तिच्या मूत्रातून लेप्टो या रोगाचे जंतू पसरू शकतात, आणि पावसाळ्यात आपल्याकडे रस्त्यांवर पाणी साचतं तेव्हा ही काळजी अधिकच हवी. तिला हात लावू नये, अन्न झाकून ठेवावं, मोरीची जाळी घट्ट बसवावी. एवढं केलं की पुरे. उंदरांसाठी भिंतीच्या कडेला मांडलेले गोंदाचे पुठ्ठे मात्र उचलावेत. तिची वाट त्याच कडेने जाते, त्यांना चिकटून तीही मरते, आणि बिळात दुधावरची पिल्लं असली तर तीही उपाशी मरतात.