गाबोळीच्या दिवसांतला कॅमेरा

सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर व्हेल शार्कची शिकार वर्षानुवर्षं चालू होती. गळाच्या दोराला रिकामी पिंपं बांधायची, ती ओढून मासा दमला की किनाऱ्याला आणायचा. तिथं त्याचं नावच ‘बॅरल’ पडलं होतं. मांस परदेशी जाई, यकृताचं तेल होड्यांना लावत. चित्रपटकार माइक पांडे यांनी हे सारं ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ या माहितीपटात टिपलं. 2000 साली त्याला ‘ग्रीन ऑस्कर’ मिळालं आणि मे 2001 मध्ये व्हेल शार्क वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आला. असं संरक्षण मिळालेला देशातला तो पहिला मासा.

कायदा झाला तरी मासा जाळ्यात सापडायचा राहत नाही. त्याला सोडायचं तर जाळं कापावं लागतं आणि नुकसान मच्छीमाराचं होतं. महाराष्ट्रानं डिसेंबर 2018 मध्ये व्हेल शार्क, कासवांसारख्या संरक्षित जिवांना सोडताना कापलेल्या जाळ्यांसाठी 25,000 रुपयांपर्यंत भरपाई सुरू केली. पुरावा म्हणून सुटकेचे फोटो किंवा चित्रण मागितलं. मला ही अट फार मोलाची वाटते. तिच्यामुळे कॅमेरा तांडेलाच्या हाती आला. कासवाच्या परांना अडकलेली जाळी सुरीनं कापताना हात कसा चालतो, हे बाहेरून आलेल्या चित्रपटकाराला क्वचितच दिसतं.

आमच्या वैभववाडीला समुद्र नाही. इथलं पाणी वाघोटणच्या खाडीतून विजयदुर्गाला जातं. राज्याच्या समुद्रात यांत्रिक नौकांना 1 जून ते 31 जुलै मासेमारीबंदी असते, कारण तो माशांच्या विणीचा काळ. नेमक्या याच दिवसांत, मृगाच्या सरी कोसळल्या की आमच्या व्हाळांतून, म्हणजे ओढ्यांतून, चढणीचे मासे भाताच्या कुणग्यांकडे निघतात. कातळाच्या पायरीवर खवळा उसळी मारतो, घसरतो, पुन्हा मारतो; पोट गाबोळीनं, म्हणजे अंड्यांनी, तट्ट फुगलेलं. वर बॅटरीचा झोत आणि कोयता तयार असतो. चार मासे कालवणाला नेणं ही जुनी रीत आहे, तिच्यावर माझा राग नाही. पण सुरुंग लावून किंवा विष कालवून अख्खा कोंड (नदीतला डोह) मारणं हा 1897 च्या भारतीय मत्स्यव्यवसाय कायद्यानंही गुन्हा ठरवला होता.

नदीतल्या या माशांवर चित्रपट करणं कठीण आहे. पहिल्या पुराचं पाणी लाल गढूळ असतं, पाण्याखालच्या कॅमेऱ्याला काही दिसत नाही. काठावर बसून उसळीची वाट पाहावी लागते. पाणी निवळतं थंडीत, तेव्हा कोंडातले मासे टिपता येतात. महाडजवळच्या वाळणकोंडात वरदायिनी देवीच्या श्रद्धेनं लोकांनी महसीर राखले आहेत, तिथं मासा माणसाला बुजत नाही.

येत्या मृगात व्हाळावर जाल तेव्हा मोबाइल घेऊन जा. कातळ चढणारा मासा टिपा, गावातल्या जाणत्यांकडून त्याचं नाव विचारून चित्रणात बोला, आणि जागा जाहीर करू नका. गाबोळीनं भरलेली मादी तेवढी वर जाऊ द्या.