कोळशाच्या गावांतील फुटबॉलचा हंगाम

ऑस्ट्रेलिया म्हटले की आपल्याकडे बोलणे क्रिकेटवर जाते. ब्रॅडमनपासून आरंभ होतो आणि अर्धा तास सहज निघतो. आम्ही मात्र श्रोत्यांना त्या देशाच्या एका कोपऱ्यात, फुटबॉलच्या मैदानावर नेणार आहोत. कामगार संघटनेत उमर घालवलेल्या माणसाने हा विषय का घ्यावा, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर एवढेच की, त्या कोपऱ्यात हा खेळ रुजवला तो खाणीतल्या मजुरांनी. आणि त्यांनी तो ज्या रीतीने चालवला, त्या रीतीत संघटनेचा मोठा पाठ आहे.

प्रथम स्थळ पाहू. सिडनीच्या उत्तरेस सुमारे १६० किलोमीटरवर हंटर नदीच्या मुखाशी न्यूकॅसल नावाचे बंदर आहे. त्याच्या आसपास वॉल्सएंड, मिनमी, अ‍ॅडम्सटाऊन, लॅम्बटन आणि थोडे आत गेल्यावर वेस्टन, करी करी, सेसनॉक अशी गावे आहेत. ह्या साऱ्या मुलखाच्या पोटात कोळसा. नकाशा पाहणाऱ्याला एक गंमत दिसेल. इंग्लंडच्या उत्तर भागात टाईन नदीवर न्यूकॅसल आहे, त्याच्या शेजारी वॉल्सएंड आहे, आणि तिथेही कोळसाच होता. त्या भागातले आणि स्कॉटलंडचे खाणकामगार एकोणिसाव्या शतकात पोटासाठी समुद्रापार गेले. जाताना त्यांनी गावांची नावे नेली, संघटनेची सवय नेली आणि चेंडूही नेला. १८८४ साली मिनमी रेंजर्स हा क्लब निघाला, १८८७ साली वॉल्सएंडचा, १८८९ साली अ‍ॅडम्सटाऊनचा. ह्या शेवटच्या क्लबाचे नाव ‘रोझबड’, म्हणजे गुलाबाची कळी. काळ्या धुळीत राबणाऱ्यांनी आपल्या संघाला असे नाव द्यावे, ह्याचे आम्हांला फार कौतुक वाटते.

नावाचा आणखी एक खुलासा केला पाहिजे. त्या देशात ‘फुटबॉल’ हा शब्द बहुतेकांनी दुसऱ्याच खेळांना देऊन टाकला होता. मेलबर्नकडे त्यांचा स्वतःचा खेळ, सिडनीकडे रग्बी. आपण ज्याला फुटबॉल म्हणतो त्याला तिथे ‘सॉकर’ म्हणत. देशाच्या मध्यवर्ती संस्थेने नावात ‘फुटबॉल’ हा शब्द घेतला तो २००५ च्या सुमारास. म्हणजे शंभराहून अधिक वर्षे हा खेळ आपल्याच घरी पाहुण्यासारखा राहिला.

आता हंगाम म्हणजे काय ते पाहू. आपल्याकडे फुटबॉलच्या ज्या जुन्या स्पर्धा प्रसिद्ध झाल्या, उदाहरणार्थ १८९१ साली मुंबईत सुरू झालेला रोव्हर्स कप, त्या बहुतेक बाद पद्धतीच्या. एक सामना हरला की बिछाना गुंडाळून घरी. त्यात थरार आहे, पण न्याय थोडा. त्या दिवशी पाऊस पडला, गोलरक्षकाला ताप आला, पंचाची नजर चुकली, की वर्षाची मेहनत फुकट. साखळी स्पर्धा ह्याच्या उलट आहे. समजा बारा क्लब आहेत. प्रत्येकाने उरलेल्या अकरांशी दोनदा खेळायचे, एकदा आपल्या मैदानावर, एकदा त्यांच्या. प्रत्येकाचे बावीस सामने झाले आणि एकंदर सामने एकशे बत्तीस. विजयाला तीन गुण, बरोबरीला एक, हार झाली तर शून्य. पूर्वी विजयाला दोनच गुण असत. बरोबरीवर समाधान मानण्याची सवय मोडावी म्हणून तीन झाले. गुण सारखे पडले तर केलेल्या आणि खाल्लेल्या गोलांतला फरक पाहतात.

तिकडे दक्षिण गोलार्ध, म्हणून आपला उन्हाळा चालू होतो तेव्हा त्यांचा हंगाम सुरू होतो आणि आपल्याकडे गणपती येतात त्या सुमारास संपतो. मधला काळ त्यांचा हिवाळा. गुणतक्त्यात जो पहिला आला त्याचा मान वेगळा. पण त्या देशात तेवढ्यावर थांबत नाहीत. वरच्या काही संघांचे पुन्हा सामने लावतात आणि शेवटी एक महाअंतिम सामना होतो. तो जिंकणारा विजेता. त्यामुळे साऱ्या वर्षाचा पहिला एक आणि शेवटच्या दिवसाचा विजेता दुसराच, असे अनेकदा घडते. तळाशी राहिलेल्याने खालच्या गटात उतरायचे आणि खालच्या गटातल्या पहिल्याने वर चढायचे, हा साखळीचा दुसरा आधार. ह्यामुळे तळाच्या दोन संघांचा शेवटचा सामनाही जीव मुठीत धरून खेळला जातो.

ही रीत त्या खाणकामगारांना परकी वाटली नसावी, असे आम्हांला वाटते, आणि त्याचे कारण त्यांच्या खाणीत आहे. तेथे मजुरी टनावर मिळे. खाणीतल्या सगळ्या जागा सारख्या नसतात. कुठे कोळशाचा थर जाड आणि सुटा, कुठे पातळ. कुठे पाणी ठिबकते, कुठे छत इतके खाली की माणसाला आडवे होऊन खणावे लागते. चांगली जागा ज्याला मिळेल त्याची चूल दोन वेळा पेटेल. ही जागा देणे मुकादमाच्या हातात असते तर काय झाले असते, हे ह्या सभेत सांगायला नको. म्हणून इंग्लंडच्या उत्तर भागातून आलेल्या कामगारांनी ‘कॅव्हिल’ नावाची चाल तिथेही चालू ठेवली. दर तिमाहीला चिठ्ठ्या टाकायच्या आणि ज्याच्या नावाने जी जागा निघेल ती त्याची. आज वाईट जागा वाट्याला आली, तर तीन महिन्यांनी पुन्हा चिठ्ठी आहेच. शिवाय कोळसा तोलताना काट्याजवळ कामगारांनी निवडलेला, कामगारांच्याच वर्गणीतून पगार घेणारा एक माणूस उभा असे. मालकाचा तोलणारा एक, कामगारांचा पारखणारा दुसरा.

आता साखळीकडे पुन्हा पाहा. चिखलाचे मैदान सर्वांच्याच वाट्याला यायचे, उताराचे मैदानही सर्वांच्याच. आपल्या गावच्या टाळ्या एकदा, दुसऱ्या गावच्या शिट्या एकदा. पंच दोघांपैकी कोणाचाच नाही. आणि गुणतक्ता सर्वांदेखत लिहिलेला. न्याय एका दिवसात मिळत नाही. तो मिळायला पुरेसे दिवस, ठरलेले नियम आणि ते पाळणारी माणसे लागतात. हंगाम म्हणजे अशा न्यायासाठी केलेली व्यवस्था, असे आम्ही समजतो.

खाणीतला न्याय मात्र इतका सोपा नव्हता. १९२९ सालच्या मार्चमध्ये ह्या पट्ट्यातल्या मालकांनी मजुरीत साडेबारा टक्के कपात मागितली. कामगारांनी ती नाकारली आणि सुमारे दहा हजार माणसांपुढे खाणींचे दरवाजे बंद झाले. ही टाळेबंदी पंधरा महिने चालली. १६ डिसेंबर १९२९ रोजी रॉथबरीच्या खाणीवर पोलिसांनी गोळी चालवली आणि नॉर्मन ब्राऊन नावाचा खाणकामगार मेला. शेवटी १९३० च्या जूनमध्ये कामगार कमी मजुरीवर कामावर परतले. ती लढाई ते हरले. पण गावे उठून गेली नाहीत, संघटना मोडली नाही आणि क्लबही राहिले. एका हारीने कोणी बाद होत नाही, हे त्यांनी मैदानाबाहेरही दाखवले.

ह्याच न्यूकॅसलशी आपला जुना संबंध आहे, तो फार थोड्यांना ठाऊक असतो. १९३८ साली करुणा भट्टाचार्य यांच्या नेतृत्वाखाली हिंदुस्थानचा फुटबॉल संघ ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर गेला. त्यातले बरेच खेळाडू अनवाणी खेळत. पाच कसोटी सामने झाले. तीन ऑस्ट्रेलियाने जिंकले, एक बरोबरीत सुटला आणि आपल्या संघाने एकच जिंकला, तो १७ सप्टेंबर रोजी न्यूकॅसलला, चार विरुद्ध एक गोलांनी. बूट हे त्या खाणकामगारांच्या धंद्याचे साधन. त्यांच्या गावात अनवाणी पायांनी असा खेळ करून दाखवणे ही लहान गोष्ट नव्हे. पुढे १९५६ साली मेलबर्न ऑलिंपिकमध्ये १ डिसेंबरला आपण ऑस्ट्रेलियाला चार विरुद्ध दोन असे हरवले. त्या सामन्यात तीन गोल केले ते मूळ गोव्याच्या आणि मुंबईत खेळून पुढे आलेल्या नेव्हिल डिसोझा यांनी. त्या स्पर्धेत भारत चौथा आला. ह्या सामन्याची आठवण आपल्याकडे जितकी ठेवायला हवी तितकी ठेवली गेली नाही.

दुसऱ्या महायुद्धानंतर ऑस्ट्रेलियात युरोपातून लाखो माणसे आली. इटालियन, ग्रीक, क्रोएशियन, मॅसेडोनियन, हंगेरियन, ज्यू. भाषा येत नव्हती, पण चेंडू येत होता. कारखान्यात आठवडाभर मुक्याने काम करणारा माणूस रविवारी आपल्या क्लबात बोलका होई. न्यूकॅसलकडेही इटालियनांचा अझुरी आणि ग्रीकांचा ऑलिंपिक असे क्लब निघाले. जुन्या चालकांना हे सगळेच पचले असे नाही. सिडनीत हाकोआ हा ज्यू लोकांचा क्लब १९५६ साली दुसऱ्या गटात पहिला आला, तरी त्याला वरच्या गटात घेतले गेले नाही. म्हणजे काट्यावर वजन भरले आणि वहीत लिहिले नाही! परिणाम व्हायचा तोच झाला. १९५७ च्या आरंभी अनेक क्लबांनी जुनी संस्था सोडून नवी काढली. ह्या नव्या क्लबांचेही सगळेच सोवळे नव्हते. युरोपातले खेळाडू त्यांच्या मूळ क्लबांना मोबदला न देता आणल्यामुळे १९६० साली जागतिक संस्थेने ऑस्ट्रेलियाला निलंबित केले आणि ते निलंबन १९६३ साली उठले. नियम मोडणारा जुना असो की नवा, त्याची किंमत साऱ्या खेळाने मोजली.

मालकीचा प्रश्न तर याहून बोलका आहे. १९७८ पासून न्यूकॅसल शहराचा एक ना एक संघ देशपातळीवरच्या साखळीत उतरत आला. काही पैशाअभावी बुडाले, त्यांच्या जागी नव्या नावाचे आले. आजचा संघ जेट्स. त्याने २००७-०८ च्या हंगामात देशाचे विजेतेपद मिळवले. २०१० साली तो एका धनाढ्य कोळसा-खाणमालकाच्या हाती गेला. मोठ्या घोषणा झाल्या. २०१५ सालच्या मे महिन्यात खेळाडूंचे आणि नोकरांचे पैसे थकले होते, आणि मध्यवर्ती संस्थेने मालकाचा परवाना काढून घेतला. त्याच वर्षी सप्टेंबरात ऑस्ट्रेलियाच्या महिला संघाने तुटपुंज्या मोबदल्याविरुद्ध अमेरिकेच्या दौऱ्यावर जायला नकार दिला. हा चक्क संप होता, आणि त्यामागे त्यांची संघटना उभी होती. १९८० च्या दशकात न्यूकॅसलच्याच एका उपनगरात वाढलेली शेरिल सॅलिसबरी ही मुलगी पुढे ह्या राष्ट्रीय संघाची कप्तान झाली आणि देशासाठी १५१ सामने खेळली; तिच्या पिढीने जे सोसले त्याचा हिशेब नंतरच्या मुलींनी मागितला. २०१९ च्या करारात स्त्री आणि पुरुष संघांना मिळकतीत समान वाटा मान्य झाला.

आणि गावचे क्लब? गावांखालच्या जुन्या खाणी एकामागून एक बंद पडल्या. न्यूकॅसलचा १९१५ साली सुरू झालेला पोलादाचा कारखाना १९९९ साली बंद झाला. ज्या कामासाठी ही गावे वसली ते काम गेले. पण वॉल्सएंड खेळतो आहे, अ‍ॅडम्सटाऊनची गुलाबाची कळी खेळते आहे. ह्याचे रहस्य पैशात नाही. सामन्याच्या दिवशी सकाळी कोणीतरी मैदानावर फक्की मारते, कोणी जाळी बांधते, कोणी चहा आणि पावात घातलेले सॉसेज विकून चार पैसे जमवते, कोणी धाकट्या पोरांच्या संघाला घेऊन पन्नास मैल गाडी हाकते. पाऊस झाला तर सामना पुढे ढकलतात आणि आठवड्याच्या मधल्या रात्री दिव्याखाली खेळतात. त्या थंडीतही ती माणसे हजर असतात. त्यांची नावे गुणतक्त्यात कुठेच येत नाहीत.

हंगाम संपला की अशा क्लबात वार्षिक सभा भरते. जमाखर्च वाचला जातो, प्रश्न विचारले जातात, नवे कार्यकारी मंडळ निवडले जाते. करंडक मिळालेल्या वर्षी गर्दी होते. खालच्या गटात उतरलेल्या वर्षी खुर्च्या रिकाम्या राहतात. आमच्या संघटनांच्या सभांचेही तसेच असते. आम्हांला इतकेच सांगायचे आहे की, संस्था जगते ती त्या दुसऱ्या सभेला आलेल्या माणसांवर. ती आली, वर्गणी भरली, फक्कीची पिशवी कोण आणणार ते ठरले, म्हणजे मार्चमध्ये पुन्हा हंगाम सुरू होतो, आणि सर्वांचे गुण पुन्हा शून्यापासून मोजायला लागतात.