लैंगिक छळ, पत्रकारांच्या सामाईक प्रवासातील

वृत्तसंकलनासाठी अथवा रात्रपाळीनंतर घरी पोहोचविण्यासाठी अनेक पत्रकारांना एकाच वाहनातून नेले जाते. अशा प्रवासात स्त्री-पत्रकारास नकोसा असलेला स्पर्श, लैंगिक स्वरूपाचे शेरे किंवा मागणी यांचा लैंगिक छळात समावेश होतो. बंदिस्त जागा आणि वाटेत उतरता न येणे यांमुळे येथे प्रतिकार कठीण असतो. म्हणून उपाययोजना प्रवासापूर्वीच करावी लागते.

विशाखा खटल्यात (१९९७) सर्वोच्च न्यायालयाने यासंबंधी मार्गदर्शक तत्त्वे घालून दिली. त्यांवर आधारित २०१३ च्या अधिनियमानुसार कामाच्या निमित्ताने भेट दिलेले ठिकाण व त्या प्रवासासाठी मालकाने पुरविलेले वाहन ही ‘कामाची जागा’ ठरतात. तात्पुरत्या वा विनावेतन काम करणाऱ्या स्त्रीलाही हे संरक्षण आहे.

पुण्यात नोव्हेंबर २००७ मध्ये रात्रपाळीस निघालेल्या एका तरुणीवर कंपनीने ठरविलेल्या गाडीच्या चालकाने व त्याच्या साथीदाराने बलात्कार करून तिचा खून केला. केवळ वाहन पुरविणे पुरेसे नाही, हे यावरून स्पष्ट होते. चालकाची पडताळणी, मार्ग व वेळ यांची नोंद, अनोळखी व्यक्तीस गाडीत घेण्यास मनाई, स्त्रीला प्रथम न घेणे व शेवटी न सोडणे आणि ती घरी पोहोचल्याची कचेरीने खात्री करणे हे मुख्य उपाय होत.

मंडणगडपासून राजापूरपर्यंत पसरलेल्या रत्नागिरीसारख्या जिल्ह्यात प्रश्नाला वेगळे रूप येते. तालुक्याच्या वार्ताहराला दौऱ्यावर आयोजकांच्या किंवा अन्य पत्राच्या प्रतिनिधीच्या गाडीतून जावे लागते, तेव्हा वाहनाची जबाबदारी कोणाची, हे अस्पष्ट राहते. यासाठी दौऱ्याच्या आयोजकांनी जबाबदार व्यक्तीचे नाव आधीच कळविणे इष्ट होय. छळ करणारा अन्य आस्थापनेतील असला, तरी स्त्रीला स्वतःच्या कचेरीतील समितीकडे तक्रार करता येते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये दिला.

दहा किंवा अधिक कर्मचारी असलेल्या कचेरीत अंतर्गत समिती बंधनकारक आहे. त्याहून लहान कचेरीतील अथवा खुद्द मालकाविरुद्धची तक्रार जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे करता येते. तक्रारीची मुदत तीन महिने असून सबळ कारणास्तव ती आणखी तीन महिने वाढविता येते. चौकशी ९० दिवसांत पूर्ण करावी लागते व तक्रारदाराची ओळख गुप्त ठेवावी लागते. भारतीय न्याय संहितेच्या कलम ७५ अन्वये पोलिसांकडेही दाद मागता येते.